अस्वल उतरतंय, फोन करू नका

माझी मुलगी कार्टून बघते म्हणजे काय करते, तर अंगठ्याने कार्टून हाकलते. एक आलं, जरा बघितलं, उडवलं. दुसरं आलं, उडवलं. परवा मी तिच्या मागे उभी राहून हा प्रकार बघत होते आणि माझं डोकं असं फिरलं की विचारू नका. म्हटलं, "अगं भवाने, एक तरी अख्खं बघ! त्या बिचाऱ्या सशाचं काय झालं ते तरी कळू दे!" ती म्हणाली, "मम्मा, चिल. तो नेहमीच वाचतो."

नेहमीच वाचतो म्हणे! आयतं मिळालं की असंच होतं. आमच्या घरात एका अस्वलाला झोप लागली की नाही हे कळायला आठवडेच्या आठवडे गेले होते, आणि त्या अस्वलापायी माझं जमत आलेलं लग्न भर दुपारी तळमजल्यावर जाऊन पडलं होतं. हे मुलीला सांगितलं तर ती म्हणेल, मम्मा, शॉर्टमध्ये सांग. म्हणून इथे सांगतेय, आणि शॉर्टमध्ये अजिबात सांगणार नाहीये.

तेव्हा आम्ही गिरगावातली खोली विकून भाईंदर पूर्वेला, नवघरला राहायला आलो होतो. आई, बाबा आणि मी, तिसरा मजला, वन बीएचके. आमच्या बिल्डिंगच्या जागी पूर्वी भातशेती होती आणि ज्यांची ती शेती, त्या काकू तळमजल्यावरच राहायच्या. जमीन बिल्डरला दिली, बदल्यात फ्लॅट घेतले. पण जमीन आपलीच आहे हे काही त्यांच्या मनातून गेलं नव्हतं. आम्ही सामान लावत होतो तेव्हा वर येऊन चारी बाजूंना बघून म्हणाल्या, "तुझे हॉलमंदी आमचा भात पिकायचा गो. चांगली जागा हाय." आईने त्यांना चहा दिला, आणि तेव्हापासून दोघींचं गूळपीठ जमलं.

लँडलाइन गिरगावातच राहिली होती. म्हणून बाबांनी मोबाईल घेतला, आणि तोही स्वतःसाठी नाही, माझ्या लग्नासाठी. बायोडेटावर नंबर लागतो. माझ्याकडे माझा साधा फोन होता, पण मुलीचा नंबर द्यायचा नसतो, बापाचा द्यायचा असतो. आता बाप दिवसभर ऑफिसात, आणि फोन बाहेर नेला की चोर मारतात अशी बाबांची पक्की समजूत. म्हणून बाबांचा मोबाईल घरी असायचा, देव्हाऱ्याशेजारी, घडी घातलेल्या रुमालावर. बाबा ऑफिसात आणि त्यांचा मोबाईल घरी. ज्याने फोन केला त्याला आई भेटायची.

त्या फोनला रंगीत स्क्रीन होती, माझ्या अंगठ्याच्या दोन पेरांएवढी. नवघर रोडवरच्या मोबाईलच्या दुकानात बाबांनी त्यात मेमरी कार्ड भरून घेतलं. दुकानदाराला म्हणाले, "भजनं टाका." त्याने भजनं टाकली, वर जागा उरली म्हणून लग्नाची गाणी टाकली, आणि तरीही जागा उरली म्हणून एक कार्टून टाकलं. एक जाडजूड अस्वल. त्याला झोपायचं असतं. पांघरूण घेतलं की खिडकी वाजते, खिडकी लावली की नळ गळतो, नळ बंद केला की माशी येते. बोलणं एक शब्द नाही. माशीपाशी व्हिडिओ संपायचा.

आईने तो मेथी निवडता निवडता बघितला. नंतर परत बघितला. मी ऑफिसातून आले तर म्हणते, "अगं, त्याला झोप लागते का शेवटी?" मला काय माहीत? मी म्हटलं, "लागत असेल." तर चिडली. "लागत असेल म्हणजे काय! कोणी झोपूच देत नाहीत मेले त्याला!" मी पहिल्यांदाच आईला कोणाची बाजू इतकी तावातावाने घेताना बघत होते. पण आमच्याकडे दुपारी दूधवाला, पाणी, इस्त्रीवाला, कुरिअर यांच्यातून तिला कधी डोळा लागल्याचं मला आठवत नाही, त्यामुळे तिचं आणि अस्वलाचं जमलं यात नवल नव्हतं.

आई दुसऱ्या दिवशी त्या दुकानात गेली. दुकानातल्या माणसाने तिला फोनवर साईट उघडून दाखवली, त्यात यादी असायची, त्यातून व्हिडिओ डाऊनलोड करायचा. आई त्याला 'उतरवणं' म्हणायची. "आज एक उतरवलं." "आजचं अर्धंच उतरलं." अस्वलाचे भाग कोणी कसेही तोडून ठेवले होते. आधी चौथा मिळाला, मग दुसरा. चौथ्यात अस्वल झाडावर का चढलंय हे दुसऱ्यात कळलं. चित्र असं चौकटी चौकटींचं की अस्वलाचं नाक कुठलं आणि उशी कुठली हे आईच सांगू जाणे. आवाज मागून यायचा. ते शिंकायचं, आणि पुढच्या प्रसंगात शिंक ऐकू यायची.

उतरवायला मात्र जीव जायचा. आमच्या घरात बोलण्यापुरती रेंज यायची, उतरवण्यापुरती नाही. तेवढी होती खिडकीच्या बाहेर, मिठागरांच्या बाजूला, हवेत. मग आईने काय करावं? उंच दोरीवर कपडे वाळत घालायची काठी असते ना, तिच्या टोकाला दुधाची कापडी पिशवी बांधली, पिशवीत फोन ठेवला आणि काठी ग्रिलमधून बाहेर काढली. बाबांच्या जिवाचा तुकडा, ज्याच्यासाठी बाबा देवाशेजारी रुमाल अंथरायचे, तो फोन दुपारभर तिसऱ्या मजल्यावरून लोंबकळत असायचा. मी एकदा अर्ध्या दिवसाने घरी आले तेव्हा खालून बघितलं आणि आधी त्या पिशवीखालून बाजूला सरकले.

एवढं करून, डाऊनलोडची पट्टी भरत भरत शेवटाला यायची आणि फोन वाजायचा. फोन वाजला की डाऊनलोड तुटलं. पुन्हा पहिल्यापासून. आणि दुपारी हमखास फोन करणारी एकच व्यक्ती होती, डोंबिवलीची मावशी. सख्खी बहीण, पण आई त्या दिवसांत तिच्याशी असं बोलायची की जणू तिने हिचे दागिने लांबवलेत. "बोल लवकर. का केलास?" मावशी म्हणायची, सहज. सहज! आई तणतणत दुकानात गेली. दुकानदार म्हणाला, "आंटी, कॉल आएगा तो कटेगा ही. डायवर्ट मार दो ना किसी के नंबर पे."

आता कोणाच्या नंबरवर? माझा नंबर चालला असता, पण मी ऑफिसात, आणि आईने मला मुळात हे काही सांगितलंच नव्हतं. तिने काकूंना विचारलं. काकूंना मुलाने नवीन फोन घेऊन दिला होता आणि त्यांना कुत्रंही फोन करत नव्हतं. ज्यांच्याशी बोलायचं ती बहुतेक माणसं हाकेच्या अंतरावर राहणारी. त्या म्हणाल्या, "दे गो दे, माझेवर दे सगले."

आणि काकू आमच्या घराच्या टेलिफोन ऑपरेटर झाल्या. दुपारी आईने डायव्हर्ट लावला की आमचे सगळे फोन तळमजल्यावर. निरोप सांगायची पद्धत अशी, की काकू बाहेर मोकळ्या जागेत यायच्या, मान वर करायच्या आणि शेताच्या या बांधावरून त्या बांधावर बोलायच्या आवाजात ओरडायच्या, "गोऽऽ! तुझे बहिनीचा फोन आलता! गुडघ्याचा एक्सरे काढला! हाड घासलाय बोलते!" आई वरून हात करायची, समजलं म्हणून. पण समजायचं अख्ख्या बिल्डिंगला. एकदा दूधवाला मला म्हणाला, "दीदी, आपकी मौसी का घुटना कैसा है अभी?" मी म्हटलं, तुला कसं माहीत? तर म्हणाला, सबको मालूम है. मावशीला काकू इतक्या आवडल्या, की ती मुद्दाम दुपारीच फोन करू लागली. संध्याकाळी केला तर आई लागते म्हणून.

हे असं सुरळीत चाललं होतं, आणि बोरिवलीचं स्थळ आलं.

माझ्याबद्दल सांगते. मी भाईंदरमधल्याच एका भांड्यांच्या कंपनीत डिस्पॅचला होते. स्टीलचे डबे, पातेली, ताटं, कुठला माल कुठल्या टेम्पोत चढणार आणि कुठे जाणार, हे मी ठरवायची. दांडगे दांडगे ड्रायव्हर माझ्या टेबलासमोर उभे राहून म्हणायचे, "मॅडम, पहले काशीगाव जाऊं के पहले वसई?" घरात भाजी कुठली करायची हे मला कोणी विचारत नव्हतं, तिथे टेम्पो माझ्या शब्दावर हलायचे. ती नोकरी मला जिवापाड आवडायची. स्पष्ट सांगते, पगारापेक्षा ते विचारणं आवडायचं.

मुलगा बघायला आला. बरा होता. बरा म्हणजे, मला आवडला होता, आता काय लपवायचं. पोहे खाताना शेंगदाणे वेगळे काढून शेवटी खाल्ले, आणि मी बघतेय हे कळल्यावर हसला. त्याची आई मात्र छताकडे बघत म्हणाली, "हिचं ऑफिस इकडेच का? लांब पडेल, नाही?" आणि कोणी उत्तर द्यायच्या आत दुसरं काही बोलायला लागली. ते गेल्यावर मी बाबांना म्हटलं, "नोकरीचं आधी विचारून घ्या."

बाबा म्हणाले, "आधी होकार तर येऊ दे. मुलीकडच्यांनी आधीच अटी घालायच्या नसतात."

"अट नाहीये बाबा, प्रश्न आहे."

"तोही विचारायचा नसतो."

आई नुसती पोह्यांच्या बशा उचलत राहिली. मला तिचाही राग आला.

तिथून पुढे बाबा रोज संध्याकाळी आल्या आल्या पहिला प्रश्न विचारायचे, "आला का फोन?" आणि फोन आला तो अर्थातच दुपारी. आईच्या हाती शेवटचा भाग लागला होता, ज्यात अस्वलाचं काय ते होणार होतं. पिशवी काठीला, काठी खिडकीबाहेर, डायव्हर्ट काकूंवर. आणि मुलाच्या आईने बोरिवलीहून फोन लावला.

काकू खालून ओरडल्या, "गोऽऽ! ती बोरिवलीची बाय! पोर पसंत हाय बोलते! पन नोकरी सोडाला लागंल बोलते! मंग मी बोलली तिला…" आणि तेवढ्यात पाण्याचा टँकर आला आणि त्याचा पंप सुरू झाला. आई खिडकीत धावली तोवर काकू हात हलवून, पिशवी काखेत मारून रिक्षात बसल्या होत्या. लेकीकडे, भाईंदर पश्चिमेच्या डोंगरीला निघाल्या होत्या, चार दिवसांसाठी. तिथे गेल्या की त्यांचा फोन पिशवीच्या तळाशी, लसणाखाली.

मी संध्याकाळी आले. तळमजल्यावरची भाभी जिन्यात थांबूनच होती. "अरे सुना? काकी ने तो तेरे ससुरालवालों को ऐसा सुनाया, ऐसा सुनाया!" पहिल्या मजल्यावर एक निवृत्त काका दारात आले, "शाब्बास. पोलिसात देईन म्हणाल्या म्हणे. असंच पाहिजे." दुसऱ्या मजल्यावर कळलं, की काकूंनी मुलाच्या आईला सांगितलं, तुमच्या मुलालाच नोकरी सोडायला लावा आणि घरात भांडी घासायला ठेवा. तिसऱ्या मजल्यावर पोचेपर्यंत माझं लग्न मोडून, पंचनामा होऊन, केस कोर्टात उभी राहिली होती. आणि माझ्या मागोमाग हीच सगळी आवृत्ती ऐकत, मजल्यागणिक लाल होत, बाबा वर आले.

"आपल्या घरचा फोन खाली कसा गेला?" त्यांचा पहिला प्रश्न.

आई म्हणाली, "मी अस्वल उतरवत होते."

बाबांच्या चेहऱ्यावर जे आलं ते मला आयुष्यभर विसरता येणार नाही. राग होता, पण रागाला कुठून सुरुवात करायची ते त्यांना कळेना. "काय उतरवत होतीस?" आईने सगळं सांगितलं. माशी, नळ, मावशी, दुकानदार, डायव्हर्ट. काठीसुद्धा. काठीपाशी बाबा खाली बसले. "माझा फोन? खिडकीबाहेर?" लेकीचं स्थळ दोन मिनिटं बाजूला राहिलं.

मग त्यांना स्थळ आठवलं. "दे इकडे तो फोन. आत्ता बोलतो त्यांच्याशी. सांगतो, ती आमची कोणी नव्हे. सांगतो, मुलगी सोडेल नोकरी, काही प्रश्न नाही."

मी स्वयंपाकघराच्या दारात उभी होते. ड्रायव्हरांना दम देणारी मी, नुसती हातातलं फडकं पिळत होते.

आईने फोन उचलला आणि पदराखाली धरला. म्हणाली, "आत्ता नाही देता येणार. चालू आहे."

"काय चालू आहे?"

"उतरतंय. मध्ये हात लावला की तुटतं. परत पहिल्यापासून."

आता बाबांचं असं, की बायकोचं ऐकणार नाहीत, मुलीचं ऐकणार नाहीत, पण मशीनचं ऐकणार. ऑफिसात नवीन कॉम्प्युटर आल्यापासून 'प्रोसेस चालू आहे' म्हटलं की ते मुकाट्याने बसायचे. ते बसले. "किती वेळ?"

"सांगता येत नाही. शेवटचा भाग आहे, मोठा आहे."

मला पदराची कड दिसत होती. स्क्रीन काळी ठिक्कर होती. काही उतरत नव्हतं, काही चढत नव्हतं. आणि फोन घरात, जिथे उतरवण्यापुरती रेंजच नाही. मी आईकडे बघितलं. तिने माझ्याकडे अजिबात बघितलं नाही.

चहा झाला. बाबांनी विचारलं, "झालं?" आई म्हणाली, "अर्ध्यावर आहे." बाबांनी पेपर उलटसुलट केला. "झालं?" "अडकलंय जरा." माणूस किती वेळ लाल राहणार? हळूहळू उतरले. शेवटी बसून बसून कंटाळले, आणि करायला दुसरं काही नाही म्हणून माझ्याकडे वळले. "तुला खरंच सोडायची नाहीये का गं नोकरी?"

"नाही."

"मग आधी का नाही बोललीस?"

असा संताप आला मला! "बोलले होते बाबा! तुम्ही म्हणालात, विचारायचं नसतं!"

त्यांनी पेपरची घडी घातली. मग आईला म्हणाले, "राहू दे. उतरू दे तुझं सावकाश," आणि आंघोळीला गेले. फोन त्यांनी त्या दिवशी केला नाही.

रविवारी सकाळी मुलाच्या वडिलांचा आला. पत्रिका जुळत नाही म्हणाले. पत्रिका तर बघायला यायच्या आधीच जुळवून झाली होती, त्यांच्याच गुरुजींनी. बाबा "बरं, बरं" म्हणाले आणि ठेवला. मी बाथरूममध्ये जाऊन रडले. नोकरी राहिली होती, तरी रडले. ते शेंगदाणे वेगळे काढणं सारखं डोळ्यांसमोर येत होतं. आणि बाबा दिवसभर काकूंच्या नावाने पुटपुटत होते. चांगलं घर होतं, त्या बाईने जिभेने घालवलं.

काकू परत आल्या त्या थेट वर आल्या, हातात सुकटीचं पुडकं घेऊन. एरवी खालून ओरडणारी बाई, गुडघे धरत तीन जिने चढून आली. दारातच म्हणाल्या, "काय ठरला गो? पोरीला इचारलास का?"

बाबा ताडकन उठले. "ठरतंय कसलं? तुम्ही त्यांना नाही नाही ते बोललात! पोलिसात देईन म्हणालात!"

काकू बघतच राहिल्या. "मी? मी कनाला पोलिसात देऊ? तुमची पोर, तुमचा घर. मी कोन बोलनारी?"

"मग काय बोललात तुम्ही?"

"येवढाच बोलली. पोर कामावरशी आली का तिला इचारून सांगते."

"आणि?"

"आनि काय? ती बाय बोलली, तिला काय इचारायचा त्याच्यात? नि फोन ठेवला."

बाबांनी हळूच विचारलं, "एवढंच?"

"येवढाच."

बाबा परत खुर्चीत बसले. रागवायला उभे राहिले होते ते, पण ज्यांच्यावर रागवायचं ते बोरिवलीला होते. माझं रडू मात्र तिथल्या तिथे आटलं. आई काकूंच्या हातातलं पुडकं घेत म्हणाली, "बसा काकू. पाणी आणते."

पुढचं स्थळ ठाण्याचं आलं, तोवर अस्वलाचा शेवटचा भागही उतरला होता आणि त्याला एकदाची झोप लागली होती. ते लोक बघून गेले आणि मुलाच्या वडिलांचा फोन आला तो संध्याकाळी, बाबांच्याच हातात. मी आतून ऐकत होते. बाबा म्हणाले, "हो, आम्हालाही पसंत आहे. पण जरा थांबा, मुलीला विचारून सांगतो." आणि मग घाबरून फोन कानापासून लांब धरला.

पलीकडून आवाज इतका मोठा होता, की मला दारापर्यंत ऐकू आला. "अहो, मग विचारा की! आम्ही काय पळून चाललोय का?"

ते माझे सासरे.